हजेरीची वही

हुकूमशाही आली की रस्त्यावर रणगाडे दिसतील, असं बरेच जण म्हणतात; मला ते पटत नाही. ती बहुतेक वेळा वहीतून येते. १८७१ च्या गुन्हेगार जमाती कायद्यानं अख्ख्या जमाती जन्मानंच गुन्हेगार ठरवल्या. काही केलेलं असो-नसो, ठरल्या वेळी हजेरी द्यायची, गाव सोडायचं तर परवाना. आपल्या कोल्हापुरात शाहू महाराजांनी ही हजेरी बंद केली. देशभर कायदा रद्द व्हायला मात्र १९५२ उजाडलं, म्हणजे स्वातंत्र्यानंतरही पाच वर्षं! आता आमच्या गल्लीत कुणाची पोरगी रंकाळा तलावावर कुणाच्या गाडीवर दिसली, याची नोंद तालमीच्या ग्रुपवर पोरंच ठेवतात. तीही बिनपगारी. हटकलं तर म्हणतात, "भल्यासाठीच करतोय की काका."