लीड्सच्या जुन्या घरात बाहेरच्या दारांतून गार वारा येतो, उपाय सुचवा

लीड्सची_सई

नमस्कार मंडळी, यूकेमधे जुन्या घरांत राहणाऱ्यांना विचारायचं होतं. आम्ही उन्हाळ्यात लीड्सला व्हिक्टोरियन टेरेस घर (एका रांगेत, भिंतीला भिंत लागून असलेल्या जुन्या घरांपैकी एक) घेतलं, तेव्हा सगळं छान वाटलं होतं आणि आता ऑक्टोबर संपत आला तसं हॉलमधे पाय ठेववत नाही. पुढचं दार लाकडी आहे, वर रंगीत काचा आहेत, फार सुंदर आहे त्यामुळे ते काढायचं अजिबात मनात नाही. पण मधोमध लेटरबॉक्स, म्हणजे पत्रं टाकायचं भोक, त्याची झडप वारा सुटला की खडखड वाजते, आणि खालचा लाकडी उंबरठा पाय पडून पडून मधे झिजलाय, तिथून चक्क वाळलेली पानं आत येतात. मागचं किचनचं दार यूपीव्हीसीचं (कडक प्लास्टिकचं), त्यामानाने नवं, तरी वरच्या कोपऱ्याशी हात धरला की गार झोत लागतो.

डिसेंबरात साताऱ्याहून आईबाबा येतायत, बाबांना संधिवात आहे म्हणून जास्त काळजी वाटते. एका माणसाला दाखवलं तर तो म्हणाला दोन्ही दारं बदला, त्याने सांगितलेला आकडा आम्हाला परवडणारा नाही. दुकानात गेले तर फटी बुजवायच्या पट्ट्यांचे इतके प्रकार, फोमची, रबराची, ब्रशची, काही कळेना म्हणून रिकाम्या हाताने परत आले. कोणी स्वतः केलंय का? काय आणू आणि सुरुवात कुठून करू?

उत्तरेचा_वारा

सई, दार बदलू नका, लाकूड कुजलेलं नसेल तर अशी दारं व्यवस्थित बंदिस्त होतात. आणि आधी काहीही विकत आणू नका. वारा असलेला दिवस बघा, खिडक्या बंद करा, किचनचा आणि बाथरूमचा एक्झॉस्ट फॅन लावा म्हणजे घरातली हवा बाहेर खेचली जाईल आणि बाहेरची फटींतून आत यायला लागेल. मग उदबत्ती पेटवून दाराच्या चारही कडांनी हळूहळू फिरवा. धूर जिथे सरळ वर न जाता आडवा पळेल तिथे चौकटीवर पेन्सिलने खूण करा. कुलपाच्या भोकाशीही धरा, जुन्या लाकडी दारांना किल्लीचं भोक आरपार असतं आणि तिथून बारीक पण सतत झोत येत असतो, त्यावर झाकणी असलेली छोटी पितळी चकती मिळते, दोन स्क्रूंचं काम. चौकट आणि भिंत यांच्यामधल्या सांध्यावरही फिरवा, तिथे फट असेल तर पट्टीचा उपयोग नाही, तिथे कॉक (फटी बुजवायची लवचिक लुगदी) भरावं लागतं.

लोकांना बारीक फट म्हणजे काहीच वाटत नाही. इथलं नेहमीचं दार 762 बाय 1981 मिलिमीटर, म्हणजे चारही कडा मिळून साधारण साडेपाच मीटर होतात. सगळीकडे नुसती 3 मिलिमीटरची फट धरली तरी एकूण मोकळी जागा होते 165 चौरस सेंटिमीटरच्या आसपास, म्हणजे दाराला जवळपास 13 सेंटिमीटर बाजूचं चौकोनी भोक पाडून ठेवल्यासारखं.

एक मात्र नक्की सांगा, घरात गॅस फायर (गॅसवर चालणारी शेकोटी) किंवा लाकडाची शेगडी आहे का? असेल तर ती पेटलेली असताना हा फॅनचा प्रयोग करायचा नाही.

सुतारकाम_आवडीचं

लाकडी दाराचं मी सांगतो. पट्टी निवडायची ती फटीच्या मापावरून. माप काढायला ब्लू टॅकचे (कागद चिकटवायच्या मऊ लुगदीचे) छोटे गोळे क्लिंग फिल्ममधे (पातळ प्लास्टिकमधे) गुंडाळून चौकटीला जिथे दार टेकतं तिथे चार-पाच ठिकाणी चिकटवा, दार नेहमीसारखं बंद करा, उघडा आणि चपटे झालेले गोळे किती जाड आहेत ते मोजपट्टीने मोजा. जुन्या दारांत वर 2 आणि खाली 5 मिलिमीटर असंही निघतं कारण दार बाकलेलं असतं.

रबरी पट्ट्यांवर इंग्रजी अक्षरं असतात, ती पट्टीच्या आकारावरून पडलीत. ई आकाराची साधारण 2 ते 3.5 मिलिमीटरच्या फटीला, पी आकाराची 3 ते 5 ला, डी त्याहून थोड्या मोठ्या फटीला, पाकिटावर माप लिहिलेलं असतंच ते बघून घ्या. ईपीडीएम रबर लिहिलेलीच घ्या. साधी फोमची पट्टी स्वस्त पडते पण दाबून दाबून लवकर बसकते आणि मग वारा पुन्हा सुरू, बाहेरच्या दाराला मी ती कोणालाच सुचवत नाही.

चिकटवायच्या आधीची साफसफाई हेच खरं काम आहे, लोक इथेच घाई करतात आणि मग पट्टी गळून पडली म्हणतात. जुना सुटलेला रंग घासून काढा, मेथिलेटेड स्पिरिटने पुसा, पूर्ण वाळू द्या. ओल्या गार दिवशी गोंद धरत नाही. कुलपाच्या बाजूला आणि वर, दार जिथे येऊन टेकतं त्या चौकटीच्या कडेवर चिकटवायची. बिजागरीच्या बाजूला मात्र दाराची कड जिथे चौकटीशी मिटते त्या बाजूवर, म्हणजे तिथे रबर दाबलं जातं, घासलं जात नाही. लावताना ताणायची नाही, ताणलेली पट्टी नंतर आखडते आणि नेमके कोपरे उघडे पडतात. लावून झाल्यावर दार बंद करायला थोडा जोर लागला पाहिजे, पण खांदा लावावा लागत असेल तर पट्टी जाड झाली, एक माप खाली या.

लेटरबॉक्सला आतून ब्रशवाली झडप मिळते. घेताना भोकाचं माप घ्या, बाहेरच्या पत्र्याचं नको. आणि बाहेरच्या झडपेची स्प्रिंग सैल झाली असेल तर ती आधी बदला, खडखडाट त्यामुळेच होतोय.

मिल्टनकीन्सकर

किचनच्या दारासाठी काही विकत आणायच्या आधी एक बघा. दार बंद केल्यावर हँडल वर उचलता का तुम्ही? बरेच जण नुसतं ढकलून लॅचवर ठेवतात, तेव्हा दार फक्त मधे धरलेलं असतं आणि वरचा खालचा कोपरा किंचित बाहेर राहतो, तुमचा झोत वरच्या कोपऱ्यातच आहे म्हणून विचारतोय. हँडल वर उचललं की कडेच्या स्टीलच्या पट्टीतले हूक आणि रोलर चौकटीतल्या खाचांत शिरतात आणि दार वरपासून खालपर्यंत रबरावर दाबलं जातं.

उचलूनही झोत येत असेल तर कागदाची पट्टी दार आणि चौकट यांच्यामधे धरून लॉक करा आणि ओढून बघा. सगळीकडे घट्ट बसायला हवी, जिथे अलगद सुटून येते तिथे दाब कमी आहे. आता त्या स्टीलच्या पट्टीतले रोलर नीट बघा, त्यांच्या डोक्यावर ॲलन कीचं (षट्कोनी किल्लीचं) भोक असतं आणि त्यांचा आस मधोमध नसून किंचित एका बाजूला असतो, म्हणजे फिरवले की रबराच्या दिशेने सरकतात. थोडंसंच फिरवा, परत कागद ओढून बघा. दार खाली लोंबलं असेल तर बिजागऱ्यांनाही ॲलन कीने वर आणि बाजूला हलवता येतं. रबर कडक होऊन चिरलं असेल तर कोपऱ्यातून पाचेक सेंटिमीटर कापून दुकानात घेऊन जा आणि त्याच आकाराचं आणा, खाचेत बसवताना साबणाचं पाणी लावलं की सरसर जातं.

आणि चौकटीच्या तळाशी बाहेरून बारीक आडव्या खाचा दिसतील, तिथे सिलिकॉन भरू नका प्लीज. पावसाचं आत शिरलेलं पाणी निघून जायची ती वाट आहे.

लीड्सची_सई

किती सविस्तर लिहिलंत सगळ्यांनी, मनापासून धन्यवाद! हँडल आम्ही फक्त रात्री कुलूप लावताना उचलत होतो, आत्ता उचलून बघितलं आणि कोपऱ्यातला वारा बराच कमी झाला. बैठकीच्या खोलीत जुना गॅस फायर आहे, आईबाबा आले की तो लावायचा विचार होता, आणि त्याच खोलीच्या भिंतीत जाळीची वीट आहे जिथून थोडा वारा येतो, ती पण बुजवली तर चालेल का?

उत्तरेचा_वारा

नाही नाही, ती वीट अजिबात बुजवायची नाही! ती गॅस फायरला हवा मिळण्यासाठी ठेवलेली असू शकते. हवा कमी पडली की कार्बन मोनॉक्साइड तयार होतो, त्याला ना वास ना रंग, झोपेत माणूस जातो. दारांना पट्ट्या लावायच्या आधी गॅस सेफ (इथली गॅस कारागिरांची अधिकृत यादी) नोंदणी असलेल्या माणसाकडून फायर आणि धुराडं तपासून घ्या, त्याला सांगा की आम्ही दारं बंदिस्त करणार आहोत. त्या खोलीत कार्बन मोनॉक्साइडचा अलार्मही लावा. भाड्याच्या घरांत गॅस फायर किंवा बॉयलर असलेल्या खोलीत तो लावणं इंग्लंडमधे 1 ऑक्टोबर 2022 पासून घरमालकाला सक्तीचं आहे, स्वतःच्या घरात सक्ती नाही म्हणून लोक टाळतात, तुम्ही टाळू नका.

बर्मिंगहॅमची_वहिनी

सई, यात माझी एक भर. घर बंदिस्त झालं की ओल आतच कोंडते. आपल्याकडे कुकरच्या शिट्ट्या, फोडण्या, रेडिएटरवर वाळत टाकलेले कपडे, आणि पाहुणे आले की सगळं दुप्पट. काचांना घाम धरतो आणि कपाटाच्या मागे काळी बुरशी येते. म्हणून स्वयंपाक करताना एक्झॉस्ट लावायचाच आणि खिडकीवरच्या ट्रिकल व्हेंट (हवा खेळायच्या बारीक झडपा) उघड्या ठेवायच्या, गार हवा येते म्हणून त्यांना टेप लावू नका.

हॉलसाठी दाराच्या आतून जाड अस्तराचा पडदा लावा, जमिनीपर्यंत पोचणारा. दार उघडताना पडद्यासकट वर उचलली जाणारी दांडी मिळते, ती दारावरच बसते. आईबाबांसाठी तीच घ्या, नाहीतर पडदा पायात येऊन पडायची भीती.

क्रॉयडन_फ्लॅट

सईंना लागू नाही पण वाचणाऱ्यांसाठी लिहितो, फ्लॅटमधे राहत असाल तर कॉमन पॅसेजमधे उघडणारं तुमचं दार बहुतेक फायर डोअर, म्हणजे आग रोखणारं दार असतं. त्याच्या कडेला ज्या पट्ट्या असतात त्या आग लागल्यावर फुगून फट बंद करतात. त्यावर स्वतःच्या मनाने काही चिकटवू नका, दार तासू नका, दार आपोआप मिटवणारा क्लोजर काढू नका, बिल्डिंगच्या मॅनेजमेंटला विचारून त्यांच्याकडूनच करून घ्या.

आणि सई, कोणाकडून सामानासकट काम करून घेणार असाल तर ड्राफ्टप्रूफिंगवर (वाऱ्याच्या फटी बुजवण्यावर) सध्या व्हॅट शून्य टक्के आहे, 31 मार्च 2027 पर्यंत. स्वतः दुकानातून सामान आणलं तर मात्र 20 टक्के लागतोच. कोटेशनमधे व्हॅट लावला असेल तर विचारा.

लीड्सची_सई

वीट तशीच ठेवते, गॅसवाल्याला उद्याच फोन करते. शेवटचा प्रश्न, झिजलेल्या उंबरठ्याला ब्रश पुरेल का? मधे फट बरीच मोठी आहे आणि कडेला जवळपास नाहीच.

सुतारकाम_आवडीचं

पुरेल, फक्त ब्रश लांब केसांचा घ्या. रबरी फडकं असलेली पट्टी कडेला घासेल आणि मधे पोचणार नाही, ब्रशचे केस कडेला वाकतात आणि मधे सरळ राहतात. दार आत उघडतं ना, मग ब्रश आतल्या बाजूने. ॲल्युमिनियमची पट्टी दाराच्या रुंदीएवढी करवतीने कापा, पण दार मिटताना चौकटीत अडकणार नाही एवढी दोन्हीकडे किंचित कमी ठेवा. कापायच्या आधी केस बाहेर सरकवून घ्या म्हणजे ते विस्कटत नाहीत. स्क्रूची भोकं लांबट असतात, आधी स्क्रू सैल ठेवून दार मिटा, मधल्या भागात केस उंबरठ्याला जेमतेम टेकेपर्यंत पट्टी खाली घ्या आणि मग आवळा. कडेला फारच दाटलं तर तेवढेच केस कात्रीने थोडे कमी करा.

बाहेरून पाऊस थेट दारावर येत असेल तर तळाशी बाहेरच्या अंगाला पाणी उडवणारी तिरपी पट्टीपण लावून घ्या, नाहीतर ब्रश ओला राहतो आणि खालचं लाकूड कुजायला लागतं.