ड्रिलचं फॉरवर्ड-रिव्हर्स: मराठीत काय लिहावं?

बजाजनगरकर
आयटीआयच्या पोरांसाठी ड्रिल मशीन वापरण्यावर एक पान मराठीत लिहून देतोय. ट्रिगरच्या वर जे दिशा बदलायचं बटण असतं, तिथे अडलो. 'पुढे-मागे' लिहिलं तर पोरं मशीन ढकलायची की ओढायची, असं समजतील. 'घड्याळाच्या काट्यांच्या दिशेने' बरोबर आहे, पण ते बटणाशेजारच्या चिठ्ठीवर मावत नाही. शिवाय घड्याळ पाहायचं कुठून? मशीन धरणाऱ्याच्या बाजूने की भिंतीच्या? तुमच्याकडे काय म्हणतात?

इतवारीकर
इथे नागपूरच्या लोहा ओळीत, म्हणजे लोखंडी सामानाच्या बाजारात, सरसकट 'सीधा-उल्टा'. मराठी बोलणारा मिस्त्रीही "मशीन उलटी फिरून राहिली ना भाऊ" असंच म्हणतो. सुलट-उलट लिहा न् मोकळे व्हा.

पोथीवाला
सव्य-अपसव्य हे शब्द तयार असताना सुलट-उलट कशाला? छोटे आहेत, चिठ्ठीवर मावतील.

बजाजनगरकर
मावतील जी, पण पोरं गोंधळतील. संस्कृतात सव्य म्हणजे डावा. डाव्या हातानेही बाण सोडायचा म्हणून अर्जुन सव्यसाची. जानवं डाव्या खांद्यावर असतं तेव्हा आपण सव्य म्हणतो. आणि मराठीत बोलताना सव्य म्हणजे उजवीकडून, सरळ. एकाच शब्दात दोन्ही बाजू! श्राद्धाला गुरुजी सांगायला असतात, ड्रिलपाशी कोण असणार?

हिंगण्याचा फिटर
आमच्याकडे वर्कशॉपमध्ये उजवं-डावं म्हणतात, पण ते आट्यांबद्दल, म्हणजे स्क्रूवरच्या गोल वळणांबद्दल. उजवे आटे, डावे आटे. मशिनीच्या फिरण्याला मी तरी उजवं-डावं म्हणणार नाही. बिटाची (भोक पाडणाऱ्या फिरत्या सळईची) वरची कड उजवीकडे जाते तेव्हा खालची डावीकडे जात असते, मग कोणती धरायची?

आता खरी भानगड. काही मशिनींवर बटणापाशी 'आर' आणि 'एल' ही अक्षरं असतात. तिथे 'आर' म्हणजे राइट, म्हणजे सुलट. नवीन पोरगं 'आर' पाहून रिव्हर्स समजतं, मशीन 'एल'वर टाकतं आणि भोक पाडायला लागतं. बिटाच्या खाचा सुलट फिरण्यासाठीच वळवलेल्या असतात. उलट फिरवलं की धार लागत नाही, बिट नुसता घासतो, लाकूड काळं पडतं, धूर निघतो. मग पोरगं आणखी जोर लावतं न् म्हणतं, बिट भोथरा आहे! तुमच्या पानावर शब्द कोणताही घ्या, पण या 'आर'बद्दल एक ओळ ठळक लिहाच.

घड्याळाचं उत्तर: मशीन धरणाऱ्याच्या मागून पाहायचं. आणि दिशा बदलताना आधी चक (बिट पकडणारा जबडा) पूर्ण थांबू द्यायचा, नाहीतर गिअरवर मार बसतो. बऱ्याच कॉर्डलेस मशिनींत बटण मधोमध ठेवलं की ट्रिगरच दाबला जात नाही. त्या जागेला 'लॉक' म्हणा, सगळ्यांना कळतं.

सुताराची नात, महाल
'कसणं' आणि 'ढिलं करणं' का नको? कूलर लावताना आमच्या घरी तेच ऐकू येतं: "जाळीचे स्क्रू ढिले कर."

आणखी एक गंमत. आजोबांच्या पेटीत सामता होता, भोक पाडायचं हत्यार, धनुकलीच्या दोरीने फिरवायचा. दोरी ओढली की एकीकडे फिरे, परत नेली की दुसरीकडे, आणि त्याचं टोक दोन्हीकडे कापायचं. त्यामुळे सुलट-उलट म्हणायची गरजच नव्हती. गिरमिटाची गोष्ट वेगळी, त्याच्या टोकाला आटे. एकाच दिशेने आत जातं आणि काढायचं तर उलटंच फिरवावं लागतं.

बजाजनगरकर
सामत्याची गोष्ट झकास. पानावर जागा काढतोच.

कसणं-ढिलं हे स्क्रूला चपखल आहे, पण भोक पाडताना काय कसायचं? भिंतीत अडकलेला बिट रिव्हर्सवर बाहेर काढतो तेव्हाही ढिलं काहीच करत नाही. ते कामाचं नाव झालं, मला बटणाचं हवंय. तेव्हा चिठ्ठीवर सुलट आणि उलट, कंसात अनुक्रमे 'भोक पाडा, स्क्रू कसा' आणि 'स्क्रू काढा, अडकलेला बिट सोडवा'. फॉरवर्ड-रिव्हर्स हे शब्दही शेजारी देवनागरीत ठेवतो, दुकानात तेच मागावे लागतात. आणि 'आर'ची ओळ लाल शाईत.

इतवारीकर
म्हणजे मी पहिल्यांदा सांगितलं तेच!

हिंगण्याचा फिटर
एक तळटीप हवी. तुटलेला बोल्ट काढायला डाव्या वळणाचा बिट मिळतो, तो मशीन उलट ठेवूनच वापरायचा. भोक पडता पडता बोल्टही कधी कधी सुटून येतो. आणि चक बदलायचा असेल तर त्याचे जबडे पूर्ण उघडून आत पाहा. रिव्हर्स असलेल्या मशिनीत तिथे बहुधा डाव्या आट्यांचा स्क्रू असतो, उलट फिरताना चक सुटू नये म्हणून. तो काढायला पेचकस सुलट फिरवायचा.