जँगो: मेलमधली लिंक थेट त्या अभिप्रायापाशी कशी उघडेल?

प्रश्न
गावच्या वाचनालयासाठी जँगोत (वेबसाइट बांधायची पायथनमधली चौकट) साइट करतेय. पुस्तकाच्या पानावर सभासद अभिप्राय लिहितात. कुणी उत्तर दिलं की मूळ लिहिणाऱ्याला मेल जातो. पण मेलमधली लिंक उघडली की पान पार वरून सुरू होतं. आमचे एक आजोबा आपला अभिप्राय शोधत बोटाने पान सरकवत बसतात. परवा त्यांनी ग्रंथपालांना फोन केला, "माझं लिहिलेलं काढून टाकलंत का?" ऐकून फार वाईट वाटलं.

एका पानावर 20 अभिप्राय आहेत. रिव्हर्सने (पानाचा पत्ता बनवून देणारं जँगोचं फंक्शन) मिळालेल्या पत्त्याला मी पुढे जोडते: #अभिप्राय-412?पान=2. अभिप्राय-412 हा आयडी (पानातल्या त्या जागेचं नाव) एचटीएमएलमध्ये आहे, तपासलंय. मग चुकतंय कुठे?

उत्तर 1
क्रम उलटा झालाय. # पासून पुढचं सगळं ब्राउझर स्वतःपाशी ठेवतो, सर्व्हरला पाठवतच नाही. त्यामुळे सर्व्हर पहिलंच पान देतो आणि ब्राउझर त्यात "अभिप्राय-412?पान=2" नावाचा आयडी शोधतो. आधी ?पान=2, मग #. जँगो 5.2 किंवा पुढचं असेल तर हाताने जोडूच नका. रिव्हर्सलाच क्वेरी (? पुढचा भाग) आणि फ्रॅगमेंट (# पुढचा भाग) देता येतात.

उत्तर 2
पान क्रमांक मेलमध्ये घालूच नका, असं माझं मत. नवे अभिप्राय वर येत असतील तर महिन्याभरात 412 तिसऱ्या पानावर जाईल. लिंकमध्ये फक्त अभिप्रायाचा क्रमांक द्या. ती लिंक हाताळणाऱ्या व्ह्यूने (सर्व्हरवरचा कोड) पान तेव्हाच मोजावं आणि # सकट रीडायरेक्ट करावं, म्हणजे योग्य पत्त्यावर पाठवावं.

आणि आयडी रोमन लिपीत ठेवा. देवनागरी चालते, पण लिंक कॉपी केली की बहुतेक वेळा एन्कोड होते, म्हणजे अक्षरांऐवजी %E0 सारखे संकेत येतात. नुसत्या "अभिप्राय"ची 72 अक्षरं होतात.

प्रश्नकर्ती
दोन्ही केलं, आता बरोबर जागी उघडतंय! वर चिकटून राहणाऱ्या पट्टीखाली पहिली ओळ झाकली जात होती, तिथे सीएसएसमध्ये स्क्रोल-मार्जिन-टॉप दिलं. पण आधी गेलेल्या मेलमधल्या लिंकांचं काय? आजोबा जुने मेलही उघडतात.

उत्तर 1
सर्व्हरला त्या ओळखता येणार नाहीत, # नंतरचं त्याला दिसतच नाही. पुस्तकाच्या पानावर थोडी जावास्क्रिप्ट घाला: लोकेशन-हॅश (पत्त्यातला # पासूनचा भाग) वाचायचा, डीकोड करायचा, "अभिप्राय-" पुढचा आकडा काढायचा आणि नव्या पत्त्यावर पाठवायचं.