‘उरुसेई यात्सुरा’ : अतारू लमला प्रेमाचा शब्द का देत नाही?

रानजाई (प्रश्न)

रुमिको ताकाहाशी यांच्या ‘उरुसेई यात्सुरा’ या मांगावर, म्हणजे जपानी चित्रकथेवर आधारलेली २०२२ सालची नवी ॲनिमे (जपानी ॲनिमेशन) मालिका मी सध्या पाहत आहे आणि तिचा पहिला हंगाम संपत आला आहे. तोमोबिकी गावातला अतारू मोरोबोशी हा शाळकरी मुलगा, त्याच्या घरी येऊन राहिलेली आणि स्वतःला त्याची बायको मानणारी परग्रहावरची लम, तिच्या मागोमाग पृथ्वीवर उतरणाऱ्या तिच्या मैत्रिणी, हे सगळे मला मनापासून आवडले आहे. लमचा तर जिव्हाळाच वाटू लागला आहे. रागावली की ती विजेचा झटका देते हे खरे, पण तिच्या प्रेमात कुठेही आडपडदा नाही.

माझी अडचण अतारूची आहे. दिसेल त्या मुलीला पत्ता आणि फोन नंबर विचारत फिरणारा हा मुलगा लमला मात्र प्रेमाचा एक शब्द देत नाही, आणि कथा संपता संपता गाडी पुन्हा मूळपदावर येते. इतकी वर्षे ज्या कथेवर लोक जीव टाकतात तिच्यात मला अजून न दिसलेले काहीतरी असणार, असे मी धरून चालले आहे. हे नाते पुढे सरकते का, आणि सरकत असेल तर लेखिकेने ते कुठे आणि कसे दाखवले आहे, हे जाणकारांनी सांगावे. शेवट आधी कळला तरी माझी हरकत नाही. जुनी मालिका पाहावी का, याबद्दलही लिहावे.

शुक्रतारा

शेवट सांगायची मुभा तुम्ही दिलीच आहे, म्हणून मोकळेपणाने लिहितो. नाते पुढे सरकते, पण ते बोलण्यातून सरकत नाही, आणि ताकाहाशींनी हे पूर्ण विचाराने केले आहे असे माझे ठाम मत आहे.

पहिली कथा आठवून पाहा. पृथ्वीवर चाल करून आलेले ओनी, म्हणजे जपानी लोककथांतल्या शिंगवाल्या राक्षसांसारखे लमचे लोक, अट घालतात की पृथ्वीवरच्या एका माणसाने त्यांच्या प्रतिनिधीशी, म्हणजे लमशी, शिवणापाणी खेळावे. दहा दिवसांच्या आत त्याने तिची शिंगे पकडली तर ते आल्या वाटेने परत जातील. संगणक निवड करतो ती नेमकी अतारूची. जपानी मुलांच्या शिवणापाणीत राज्य असते ते ओनीवर, आणि बाकीचे त्याच्यापासून पळतात. इथे खरीखुरी ओनी पुढे उडते आहे आणि राज्य माणसाच्या पोरावर आले आहे. जिंकलास तर मी तुझ्याशी लग्न करीन, असे त्याची शाळेतली मैत्रीण शिनोबू हिने सांगितल्यावर अतारू जिवाच्या आकांताने धावतो, शिंगे पकडतो आणि आता लग्न होणार म्हणून ओरडतो. ती मागणी आपल्यालाच घातली आहे, असा लमचा समज होतो. त्या क्षणी पाठलागाची दिशा उलटते. पुढे सगळी मांगाभर लम मागे लागते आणि अतारू निसटत राहतो.

‘शोनेन संडे’ साप्ताहिकातून १९७८ साली सुरू झालेली ही मांगा १९८७ साली संपली आणि तिचे ३४ खंड झाले. तिची अखेरची कथा पुन्हा याच खेळावर येते. लमच्या पणजोबांनी कधीकाळी दिलेल्या शब्दाच्या आधारावर लुपा नावाचा तरुण तिला वरायला येतो, त्यातून गैरसमज वाढत जातात आणि दुखावलेली लम पुन्हा दहा दिवसांचे शिवणापाणी मांडते. या खेपेला सुटकेचा मार्ग अगदी सोपा आहे. अतारूने ‘तू मला आवडतेस’ एवढेच म्हणायचे, की खेळ तिथेच थांबेल. तो हरला तर ओनी निघून जातील आणि पृथ्वीवरच्या सगळ्यांच्या स्मृतीतून लम पुसली जाईल. सारा गाव त्याच्या विनवण्या करतो, त्याच्यावर चिडतो, तरीही तो ते वाक्य उच्चारत नाही. धाकाखाली बोललेले खरे आणि धाकाखाली बोललेले खोटे यांत फरक कोणाला कळणार, आणि लमला तरी तो कसा कळावा, हे त्याचे दुखणे आहे. अखेरच्या घटकेला, त्याने जवळ ठेवलेली आणि आता हातून निसटलेली लमच्या जुन्या शिंगांची जोडी लमच्या नजरेस पडते आणि तिला जे समजायचे ते समजते.

त्यानंतर लम म्हणते की जन्म गेला तरी चालेल, पण हे मी तुझ्या तोंडून वदवून घेईनच. आणि अतारू उत्तर देतो की मरतेवेळी सांगेन. हे उत्तर नीट ऐकावे. मरतेवेळी सांगायचे तर तोवर ती जवळ असायला हवी, हे त्याने गृहीतच धरले आहे.

पाणकणीस

शुक्रतारा यांच्या विवेचनाला एक जोड देते. शेवटाची वाट न पाहता हे नाते ओळखायचे असेल तर लम अचानक नाहीशी होते ती कथा मन लावून पाहावी. जाताना ती स्वतःसारखी दिसणारी एक बाहुली अतारूकडे ठेवून जाते. चार लोकांसमोर अतारू बेफिकिरी दाखवतो, पण ती बाहुली जवळून दूर करत नाही, आणि एकटा असताना त्याचा धीर सुटतो. बाहुलीत बसवलेल्या यंत्रातून लम सारे ऐकत असते. ती गेलेली असते पासपोर्टचे नूतनीकरण करायला. इतके साधे कारण देऊन ताकाहाशींनी त्या विरहाला रडगाणे होऊ दिलेले नाही, आणि तरीही त्याचे रडणे खरे वाटते, हे मला त्यांच्या लेखणीचे मोठे सामर्थ्य वाटते.

तुम्हाला लमच्या मैत्रिणी आवडल्या, म्हणून थोडे अवांतर. त्या नुसत्या परग्रहवासी नाहीत, जपानी लोककथांतून थेट उचललेल्या आहेत. हिमप्रदेशातल्या दंतकथेतली बर्फाची स्त्री म्हणजे नेपच्यूनची राणी ओयुकी, आणि सात भाग्यदेवतांपैकी एक म्हणजे मोटारसायकल उडवणारी बेंतेन. ही बेंतेन, म्हणजेच बेंझाइतेन, बौद्ध धर्माच्या वाटेने जपानला पोहोचलेली आपली सरस्वती आहे. सेत्सुबुनच्या सणाला जपानी घरांत भाजलेले सोयाबीन फेकून ओनींना पिटाळून लावतात. मालिकेत त्याच दिवशी बेंतेनची बाजू आणि लमची बाजू यांच्यात जंगी लढाई होते. हे माहीत असले की त्या भागाची गोडी वाढते.

दगडफूल

दोन्ही प्रतिसाद आवडले, तरी प्रश्नकर्तीची तक्रार मला रास्त वाटते आणि ती शेवटाच्या आधाराने पुसून टाकू नये. शेवटी प्रेम सिद्ध झाले म्हणून आधीच्या सगळ्या मुलींना अतारूने दिलेला त्रास योग्य ठरत नाही. लेखिकाही तो योग्य ठरवत नाही. तिथल्या मुली त्याला झोडपून काढतात, लम झटका देते, आणि त्याची बाजू घ्यायला कोणी पुढे येत नाही.

अतारू असा का घडला, याचे एक कारण मांगाच्या जन्मातच आहे. लम ही मुळात एका कथेपुरती पाहुणी होती, नायिका शिनोबू असणार होती, आणि दुसऱ्या प्रकरणात लम दिसतही नाही. मुलींच्या मागे धावून अंगाशी येणारा, तेरा तारखेच्या शुक्रवारी जन्मलेला अभागी मुलगा ही कल्पना आधी पक्की झाली आणि लमचे एकनिष्ठ प्रेम नंतर त्याच्या समोर येऊन उभे राहिले. तो बदलला असता तर विनोदाचे इंजिनच बंद पडले असते, म्हणून ताकाहाशींनी त्याचे वागणे तसेच ठेवले आणि त्याच्या मनातला बदल आडून आडून दाखवला. त्यासाठी लमला सोसावे लागते ते मला आजही जास्त वाटते.

आता जुन्या मालिकेविषयी. ऑक्टोबर १९८१ ते मार्च १९८६ या काळात फुजी टीव्हीवर तिचे १९५ भाग झाले. सुरुवातीच्या भागांत दोन दोन छोट्या कथा असत. १९८४ पर्यंत दिग्दर्शनाची मुख्य जबाबदारी मामोरू ओशी यांच्याकडे होती आणि पुढे ती काझुओ यामाझाकी यांनी सांभाळली. मांगा तेव्हा चालू असल्यामुळे त्या मालिकेत अखेरचे शिवणापाणी नाही. त्यावर १९८८ साली वेगळा चित्रपट निघाला. ओशींनी मूळ गोष्टींत स्वतःची भर मुक्तपणे घातली. शाळेच्या उत्सवाच्या आदल्या दिवसातच सारा गाव अडकून पडतो, असा त्यांचा १९८४ सालचा ‘ब्यूटिफुल ड्रीमर’ हा चित्रपट या भरीचे टोक म्हणावा लागेल. चित्रपट म्हणून तो अप्रतिम आहे, पण त्याचा खरा विषय स्वप्न आणि काळ हा आहे.

त्यामुळे तुमच्या प्रश्नापुरते बोलायचे तर हाती घेतलेली नवी मालिकाच पूर्ण करावी. शोगाकुकान प्रकाशनाच्या शताब्दीनिमित्त काढलेल्या या मालिकेत निवडक कथाच घेतल्या आहेत, तिचे एकूण ४६ भाग आहेत आणि शेवट मांगाप्रमाणे आहे. जुनी मालिका त्यानंतर सवडीने पाहावी, तीही तोशिओ फुरुकावा यांचा अतारू आणि फुमी हिरानो यांची लम ऐकण्यासाठी तरी पाहावीच. हे दोघेही नव्या मालिकेत आहेत: फुरुकावा यांनी अतारूच्या वडिलांना आणि हिरानो यांनी लमच्या आईला आवाज दिला आहे.

रानजाई

सर्वांचे मनापासून आभार. बाहुलीची कथा आज रात्रीच शोधून पाहते. दगडफूल यांनी लमच्या सोसण्याबद्दल लिहिले ते मला पटले, आणि शिनोबूचे काय होते हा नवा प्रश्न त्यातून मनात आला आहे. तिने सुरुवातीला दिलेल्या शब्दाचा नंतर कोणी विचारच करत नाही, असे निदान पहिल्या हंगामात तरी दिसते.

शुक्रतारा

शिनोबूकडे लेखिकेचे दुर्लक्ष झालेले नाही. मांगाच्या उत्तरार्धात इनाबा नावाचा, सशाचा पोशाख घालून फिरणारा साधा सरळ मुलगा तिला भेटतो. त्याच्याकडे भविष्याच्या खोल्यांची दारे आणि किल्ल्या असतात. त्या दारांआडचे वेगवेगळे उद्या शिनोबू, लम आणि अतारू तिघेही पाहतात. शिनोबूच्या वाट्याला काय येऊ शकते, याचे उत्तर त्याच कथेत आहे.