चेक बिअरचा मूकपट: नुसती जाहिरात?

रानवारा: काल इथे कुणीतरी चेक बिअरच्या परंपरेवरच्या मूक प्रचारपटाबद्दल लिहिलं, "तांब्याची भांडी, बिअरला कडवटपणा देणाऱ्या हॉप्सचे वेल आणि फेस. निवेदन नाही, कारण सांगायलाच काही नाही." डोकं फिरलं माझं. अहो, त्यात अख्खी डिकॉक्शन दाखवलीय! भिजवलेल्या माल्टचा, म्हणजे मोड आणून वाळवलेल्या धान्याचा, काही भाग वेगळा काढून उकळायचा, परत ओतून सगळ्याचं तापमान चढवायचं. चेक देशातल्या पिल्सेन शहरात हे तीनदा करतात. हे डोळ्यांनी बघताना मध्ये कुणी बोलायला कशाला हवं?

कोकणकडा: हवंच. शब्द नसले की अडचणीचं तेवढं गाळता येतं. 1838 साली पिल्सेनला 36 पिंपं नासकी बिअर भर चौकात ओतून दिली, मग जर्मनीतल्या बव्हेरियातून योसेफ ग्रोल या बिअर बनवणाऱ्याला आणलं, आणि 1842 मध्ये त्याने ती सोनेरी लागर, म्हणजे थंडाव्यात मुरवलेली बिअर, केली. आज तिथला तो बिअरचा कारखाना जपानच्या असाही कंपनीकडे आहे. यातलं काय दिसलं?

रानवारा: ग्रोल बाहेरचा, मान्य. पण मऊ, कमी क्षारांचं पाणी पिल्सेनचंच ना? हॉप्स तिथल्याच झाटेत्स गावचे ना? तो करार संपल्यावर गावी गेला, बिअर राहिली.

तिखटमीठ: ते राहू द्या. शेवटी ग्लासात केवढा तो फेस! मी तर परत पाठवीन. पैसे बिअरचे मोजतो.

परदेशी_पाखरू: दादा, मी तीन वर्षं ब्र्नो या चेक शहरात काढली. पहिल्याच दिवशी "फेस कमी" म्हणालो, तर टॅपवरच्या आजोबांचा चेहरा उतरला. फेस म्हणजे झाकण, बिअरला हवा लागू देत नाही. "म्लीको" तर जवळजवळ अख्खा ग्लासभर ओला फेसच असतो, लोक आवडीने पितात.

तिखटमीठ: झाकणाच्या गोष्टी मला नका सांगू! गेल्या महिन्यात इथे एका ठिकाणी चार बोटं फेस दिला, ग्लासावर माप नाही. भांडलो तर म्हणे स्टाईल आहे. ही सरळ लूट आहे.

परदेशी_पाखरू: तिथे ग्लासावर रेघ असते. बिअर रेघेपर्यंत, फेस तिच्या वर.

तिखटमीठ: मग ठीक. रेघ नसेल तर मात्र एक बोटही चालणार नाही.

कोकणकडा: बघा, रेघेचं कधी कळलं? माणसाने तोंडाने सांगितलं तेव्हा.

रानवारा: बरं. ग्रोलच्या नावाची एक पाटी मध्ये टाकायला हवी होती, एवढं मानतो. निवेदन नकोच.