क्रमवारी नेमकी कुठल्या शहरांची?

जागतिक बँकेच्या ‘डूइंग बिझनेस’ अहवालातील व्यवसायसुलभतेच्या जागतिक क्रमवारीत भारत 142 वरून 63 वर आला, तेव्हा त्यावर विसंबून कारखाना वाढवणे शहाणपणाचे होते, असे मत काहीजण मांडतात; ते मला पटत नाही. आकडेवारीतील गैरप्रकार उघड झाल्यावर जागतिक बँकेने 2021 मध्ये तो अहवालच बंद केला, हे अनेकांना ठाऊक असेल. परंतु त्यात भारताचे गुण केवळ मुंबई आणि दिल्ली या दोन शहरांवरून, अनुक्रमे 47 आणि 53 टक्के भार देऊन काढले जात, याचा उल्लेख असे म्हणणारे करत नाहीत. विजेच्या निकषात तर एका गोदामाला 140 केव्हीए (वीजभार मोजण्याचे एकक) क्षमतेची नवी वीजजोडणी मिळायला किती दिवस आणि किती खर्च लागतो हे पाहत, आणि पुरवठ्याचा भरवसाही त्याच दोन शहरांपुरता मोजत.

बेळगावच्या उद्यमबाग औद्योगिक वसाहतीत फाउंड्री, म्हणजे धातू ओतकामाचा कारखाना, चालवणाऱ्याला यातून काय कळणार? विजेवर चालणाऱ्या इंडक्शन भट्टीत लोखंडाचा रस तयार असताना वीज गेली आणि वेळेत आली नाही, तर रस आतच थिजतो, भट्टीचे आतले अस्तर फोडून काढावे लागते आणि भरून ठेवलेले साचे तसेच पडून राहतात. दुसरी भट्टी घ्यायची की नाही हे ठरवताना आपल्याच फीडरवर (आपल्या भागाला वीज पुरवणाऱ्या वाहिनीवर) वर्षभरात वीज किती वेळा आणि किती वेळ गेली, ही शेजारच्या कारखान्यांकडून मिळणारी नोंद मला कोणत्याही क्रमांकापेक्षा कितीतरी अधिक मोलाची वाटते.