अनुभव धागा : स्वाहिली प्रेमगीत पहिल्यांदा कुठे कानावर पडलं?

जक्स आणि डायमंड प्लॅटनम्झ या टांझानियन गायकांचं 2024 मधलं 'ओलोलुफे मी' लेकीच्या फोनवर दिवसातून दहादा वाजतं. जक्सची बायको नायजेरियाची, म्हणून मुखडा तिकडच्या योरुबा भाषेत आणि गाणं स्वाहिलीत. मला अर्थ कळत नाही, पण पोळ्या लाटताना ओठांवर तेच येतं. तिकडे राहिलेल्यांनी लिहा की!

दार-एस-सलाम, चार वर्षं
कारियाकूकडे जाणाऱ्या डालाडालात, म्हणजे तिथल्या मिनीबसमध्ये. तिथल्या अशा पॉप गाण्यांना बोंगो फ्लेवा म्हणतात. 'उबोंगो' म्हणजे मेंदू; दारमध्ये टिकायला डोकं लागतं म्हणून शहरालाच 'बोंगो' म्हणतात. जुन्या गाण्यांत गायक शेवटचं अक्षर असं काही वळवायचा की वाटायचं, हा कुठेतरी आपल्यासारख्या हरकती शिकलाय. आता आमापियानो या दक्षिण आफ्रिकेतल्या नृत्यसंगीताचा तो घुमणारा लॉग ड्रम जिथेतिथे. माझ्या मते त्यानं गळा झाकला जातो.

नैरोबी
'नाकुपेंडा' एक शब्द नाही, अख्खं वाक्य आहे. ना : मी, कु : तुला, पेंडा : प्रेम. आणि क्रियापदाला लिंग नाही! द्वंद्वगीतात तो जी ओळ म्हणतो तीच ती जशीच्या तशी म्हणते. मराठीत 'करतो'चं 'करते' झालं की यमक गेलंच.

झांझिबार, नवऱ्याच्या नोकरीमुळे
शेजारणीनं लग्नातल्या ताराबला, म्हणजे तिथल्या गाण्याच्या मैफलीला नेलं. ऊद, कानून, व्हायोलिन, आणि खुर्चीवर बसून गाणारी बाई. मधेच एक प्रौढ बाई उठली. नोट दोन बोटांत धरून, संथ डुलत गायिकेपर्यंत गेली, पण नजर समोरच्या रांगेतल्या दुसरीवर! ओळ त्या दुसरीला टोमणा होती, हे शेजारणीनं कानात सांगितलं. संगीतबारीतली दौलतजादा मी पाहिली आहे. पण नोट गाणाऱ्याला आणि मार भलतीलाच, हे तिथेच पाहिलं. असेच टोमणे त्यांच्या कांगांवर, म्हणजे बायका नेसतात त्या कापडांवरही छापलेले असतात. मी एक नुसता रंग आवडला म्हणून आणला आणि नेसून बाजारात गेले. बायका का हसत होत्या ते संध्याकाळी कळलं. काय लिहिलं होतं ते इथे लिहिणार नाही.

पुणे
आईला 'मलाइका' हे स्वाहिली प्रेमगीत पाठ आहे. उषा उथुप यांची कृपा.

मोम्बासा, आता ठाणे
गाण्यात 'एम्बे' ऐकून हसू आलं. एम्बे म्हणजे आंबा! दुनिया, रंगी, सुकारी... अर्धं गाणं न शिकता कळतं. किनाऱ्यावरचे जुने ताराबवाले तर हिंदी सिनेमाच्या चालींवर स्वाहिली शब्द बसवायचे, तबल्यासकट.

मुंबई, जुन्या तबकड्यांचा नाद
मग हेही ऐका. झांझिबारच्या सिती बिंती साद 1928 मध्ये गाणी ध्वनिमुद्रित करायला बोटीनं आल्या त्या आमच्या मुंबईतच. चोरबाजारात त्यांची एखादी तबकडी मिळेल म्हणून वीस वर्षं हात काळे करतोय. कुणाकडे आहे का?